मुहूर्ताआधीचा अंतरपाट

“खाली झोपवा तिला! आधी खाली झोपवा!” मी दारातूनच ओरडले. हातात साडीचं तबक होतं, त्यामुळे धड पुढे धावताही येईना.

गौरीहरापुढच्या पाटावर नवरी बसली होती. बसली होती म्हणजे बसवून धरली होती. तिच्या मामांनी मागून दोन्ही काखांत हात घालून तिला ताठ धरलं होतं. मान खांद्यावर लोंबत होती, डोळे उघडे पण वर गेलेले, आणि दोन्ही हातांना झटके येत होते. हिरव्या चुड्याची किणकिण थांबत नव्हती. आईने तिच्या मुठीत किल्ल्यांचा जुडगा कोंबला होता. एक म्हातारी तिच्या नाकाला चप्पल लावत होती आणि दुसरी दातखीळ सोडवायला चमचा घेऊन सरसावली होती.

माझ्या मागून आत्याबाई, म्हणजे माझ्या सासूबाई, आत घुसल्या. त्यांनी नवरीच्या पायाजवळची पेटती समई उचलून कोपऱ्यात नेऊन ठेवली आणि चमचावालीच्या हातावर चापट मारून चमचा पाडला. “तोंडात काय घालू नगा!” एवढं म्हणून त्या मागे सरल्या, भिंतीला पाठ लावून उभ्या राहिल्या, आणि मग मोठ्यांदा म्हणाल्या, “फिट! पोरीला फिट येतीया! फसवलं आमाला!”

नवरीच्या आईने धावत जाऊन दार लावून घेतलं.

मी तबक खाली टाकलं आणि मामांपाशी गेले. “सोडा तिला. आडवी करा.”

“गौरीहरावरनं नवरी हालवत न्हाईत, ताई,” मामा म्हणाले. घामाने निथळत होते बिचारे. “आमच्यात मुहूर्तापतोर नवरीची पाठ भुईला लागत न्हाई.”

“मामा, तुम्ही अजून थोडा वेळ असं धरलंत तर मुहूर्ताला नवरी शुद्धीवर नसेल.”

त्यांनी ऐकायची वाट न बघता मी तिचे पाय ओढले. मामांचा तोल गेला आणि नवरी आपोआप जाजमावर आडवी झाली. मी तिचे पाय पाटावर ठेवले, गळ्यापाशी आवळलेलं सगळं सैल केलं. मुंडावळ्यांची गाठ सोडेपर्यंत झटके थांबले. ओठांवर रंग आला. तिने डोळे उघडले, आईकडे बघितलं आणि म्हणाली, “मुहूर्त टळला का गं आई?”

ही वैजयंता. माझी होणारी धाकटी जाऊ. घरात तिला वैजू म्हणत.

याला आता वीसेक वर्षं झाली. आटपाडीचं कार्यालय, वैशाखातलं ऊन, बाहेर मांडवात हजारभर माणूस. मी तेव्हा विट्याच्या एका दवाखान्यात सिस्टर होते. लग्नाआधी मिरजेला मेंदूच्या डॉक्टरांच्या वॉर्डात काही वर्षं काढली होती. तिथे राहून माणूस एक तर देवभोळा होतो नाही तर संशयी. मी मुळातलीच संशयी. दूधवाला ‘आज दूध घट्ट हाय’ म्हणाला की मी आधी बोट बुडवून बघते.

माझ्या सासरचा धंदा गलाईचा. जुनं सोनं-चांदी वितळवून शुद्ध करायचं. आमच्या भागातली निम्मी घरं याच धंद्यापायी देशभर पांगली आहेत, तसं आमचं दुकान मदुराईला. सासरे, आत्याबाई आणि धाकटे दीर धैर्यशील, म्हणजे नवरदेव, तिकडे. माझे यजमान शाळेत मास्तर, म्हणून आम्ही दोघं विट्यात. सासरच्या लोकांची भेट काय ती सणाला आणि जत्रेला. त्यामुळे आत्याबाईंचा स्वभाव मला बाहेरूनच माहीत. कडक बाई, पण मुलांवर जीव. त्या दिवशी सकाळीसुद्धा नवरदेवाला त्यांनी स्वतः शिरा भरवला होता. वऱ्हाडातल्या बायका हसल्या, ‘नवरदेव उपाशी नको का?’ म्हणाल्या. तर यांचं उत्तर, “त्याला उपास सोसत न्हाई.”

“शोभना,” आत्याबाई भिंतीपाशीच उभ्या राहून म्हणाल्या, “तू मिरजंला ह्येच बघितलंयस न्हवं? मग सांग आता हितंच. फिट का न्हाई?”

खोलीत सगळे माझ्याकडे बघायला लागले. वैजूची आई तर हात जोडूनच उभी राहिली. मी काय बोलते यावर त्या मुलीचं सगळं आयुष्य लटकलं होतं. गौरीहरावरून परत गेलेल्या मुलीला पंचक्रोशीत कोण विचारतो? ‘फिट’ हा शब्द त्या दाराबाहेर पडला असता तर पंगत उठायच्या आत तो खानापूर-जतपर्यंत पोचला असता.

“आधी तिला बघू द्या मला,” मी म्हणाले.

मला स्वतःलाही खात्री नव्हती, हे खरं. झटके मी डोळ्यांनी बघितले होते. आणि दुसरंही काही बघितलं होतं. मी पाय ओढत असताना वैजूच्या आईने घाईघाईने गोळ्यांची एक पट्टी उचलून कमरेच्या पिशवीत कोंबली होती. लग्नाच्या दिवशी नवरीजवळ गोळ्या कशाला?

मी वैजूपाशी बसले. नाडी बघितली. हळू होती, पण सुधारत होती. अंगाला थंडगार घाम.

“वैजू, हे व्हायच्या आधी काय वाटलं?”

“मळमळलं, ताई. मग कानात शिट्टी वाजल्यागत झालं. समोरचा गौरीहर पांढरा दिसाया लागला. मी आईला म्हणले, मला जरा पडू दे.”

“मग?”

“मग मामांनी धरलं.”

“काल रात्री काय खाल्लंस?”

वैजूने आईकडे बघितलं. आईच म्हणाली, “उपास असतोय नवरीला. पानी बी दिलं न्हाई. एवढा शालू नेसल्यावर पोरगी घडी-घडी मोरीत कशी जाणार?”

“मावशी,” मी म्हणाले, “कमरेच्या पिशवीतली गोळी दाखवा.”

बाईंचा चेहरा पडला. “कसली गोळी?”

“मी बघितलीय. मला दाखवा, नाही तर आत्याबाई दाखवायला लावतील.”

“ताई, पाया पडते…”

“गोळी हाय?” आत्याबाई तरातरा पुढे आल्या. “बगा! म्या म्हणलं न्हवतं? औषध चालू हाय पोरीला! मदुराईपासनं आमी हितवर आलो, आन् ह्यांनी आजारी पोरगी आमच्या गळ्यात…”

“आत्याबाई, जरा दम धरा.” मी मामांकडे वळले. “मामा, तुम्ही दाराबाहेर थांबा. आणि ह्या दोघी आज्यांनाही घेऊन जा. नवरीचा चेहरा धुतोय म्हणून सांगा लोकांना.”

ते बाहेर गेले तशी वैजूच्या आईने पट्टी काढून माझ्या हातात ठेवली आणि पदर तोंडाला लावला. मी नाव वाचलं. वाचून मला हसूच आलं, पण ती हसायची वेळ नव्हती.

“कसली हाय गं?” आत्याबाईंनी विचारलं.

“पाळी पुढे ढकलायची.”

“पुजंला कसं चालंल?” वैजूची आई पुटपुटली. “तारीख आजचीच हुती. मामासमोर कसं सांगू?”

मी वैजूला मीठ-साखरेचं पाणी घोट-घोट प्यायला लावलं आणि मनात सगळा हिशेब जुळवला. रात्रीपासून पोटात अन्न नाही, पाणी नाही, कोंदट खोली, धूप, उदबत्ती, भरजरी शालू. चक्कर येणारच. चक्कर आलेल्या माणसाला आडवं केलं की रक्त डोक्याकडे जातं आणि तो उठून बसतो. त्याला जबरदस्तीने ताठ धरून ठेवलं तर मेंदूला रक्तच पोचत नाही, आणि मग हातपाय झटके द्यायला लागतात. अगदी फिटसारखे. वैजूचे झटके मामांच्या मिठीत सुरू झाले आणि जाजमावर थांबले. भाचीची पाठ भुईला लागू नये म्हणून त्या भल्या माणसाने तिला जवळजवळ फिटच आणली होती.

मी तसं आत्याबाईंना सांगितलं. मला वाटलं, त्या सुटकेचा श्वास टाकतील. तसं झालं नाही. त्या वैजूच्या समोर बसल्या आणि उलटतपासणी सुरू झाली.

“जीभ दाव. बाजूनं दाव, म्होरनं न्हवं.”

वैजूने दाखवली. कुठे चावलेली नव्हती.

“पोटातनं कायतरी वर चढत आल्यागत झालं हुतं का? घाण वास आला हुता का, कुणालाच येत न्हाई असला?”

“न्हाई.”

“मान एकाच अंगाला फिरली का? आता डोकं फुटल्यागत दुखतंय का? झोप येतीया? साडी वली झालीय का बग.”

वैजू बिचारी नाही-नाही म्हणत होती. मी मात्र ऐकत राहिले. माझ्या हातातला पेला तसाच राहिला. जिभेची बाजू. पोटातून वर चढणारं काहीतरी. कुणालाच न येणारा वास. वॉर्डात नव्या आलेल्या मुलींना हे प्रश्न शिकवायला मला महिना-महिना लागायचा. मदुराईत दुकान सांभाळणाऱ्या बाईला हे कुणी शिकवलं?

आणि मग एकेक आठवायला लागलं. आत शिरल्या-शिरल्या त्यांनी समई उचलली होती. चमचा पाडला होता. घाबरलेलं माणूस समईकडे बघत नाही. ज्याने हे पूर्वी केलंय तोच बघतो. धैर्यशील भावजी गलाईवाल्याचा मुलगा असून भट्टीपाशी कधी उभे राहत नसत. ‘त्याला धूर सोसत न्हाई’ म्हणून गल्ल्यावर बसत. स्कूटर चालवत नसत. जत्रेला आले की सगळी पोरं विहिरीत उड्या मारायची आणि हे काठावर कपडे सांभाळत बसायचे. आणि उपास सोसत नाही.

‘चोराच्या मनात चांदणं’ म्हणतात ते उगाच नाही.

“आत्याबाई, जरा या इकडे,” मी म्हणाले.

शेजारच्या खोलीत पत्रावळींचे गठ्ठे लावलेले होते. मी दार लोटलं.

“भावजींना कधीपासून आहे?”

“काय कधीपासनं?”

“फिट.”

“हळू बोल,” आत्याबाई म्हणाल्या. आणि मग त्यांच्या लक्षात आलं की त्यांनी काय कबूल केलं. त्या पत्रावळींच्या गठ्ठ्यावर मटकन बसल्या. एवढी कडक बाई, क्षणात म्हातारी दिसायला लागली.

“सातवीत हुता तवापासनं,” त्या म्हणाल्या. “मदुराईचा डॉक्टर चांगला हाय. गोळी चुकली न्हाई तर वरीस-वरीस येत न्हाई. लगीन करा म्हणला त्योच.”

“मग यांना सांगितलं का नाही?”

“सांगितलं असतं तर पोरगी दिली असती कुणी? तुझ्या बानं दिली असती?”

माझ्या वडिलांनीही दिली नसती. पण राग तर आलाच होता.

“आपलं झाकून ठेवलंत आणि त्या पोरीला भरल्या मांडवात फिटवाली ठरवायला निघालात?”

“तसं न्हवं गं.” त्यांचे डोळे भरून आले. “मला वाटलं, हिला बी हाय. दोघांस्नी असलं तर लेकराचं काय हुईल? त्याच्या तेराव्या वर्षापासनं मी उशाला बसतीया, शोभना. आनखी एकाच्या उशाला बसायचं बळ न्हाई माझ्यात.”

बाहेर सनई वाजत होती.

मग त्यांनी डोळे पुसले. “तू बाहेर जाऊन सांग, चक्कर हुती. खरंच हाय ते. लगीन लागू दे. आन् ह्ये पोटात ठेव. तू आमच्या घरची हायस.”

सौदा वाईट नव्हता. वैजूची अब्रू वाचत होती, आमच्या घराची झाकली मूठ झाकलेली राहत होती, आणि मला खोटंही बोलावं लागणार नव्हतं. फक्त एक गोष्ट मला दिसत होती. मदुराईतलं स्वयंपाकघर, तापलेला तवा, जमिनीवर पडलेला नवरा, आणि त्याच्या नाकाला चप्पल लावणारी, तोंडात चमचा घालणारी वैजू. तिला दुसरं काही माहीत असणारच नव्हतं.

“चक्कर होती हे मी सांगते,” मी म्हणाले. “बाकीचं भावजी सांगतील.”

“शोभना!”

मी थांबले नाही. मामांना दारात गाठून ‘नुसती उपाशीपोटी चक्कर, घाबरायचं काही नाही’ असं चार लोकांना ऐकू जाईल एवढ्या आवाजात सांगितलं, आणि नवरदेवाच्या खोलीत गेले. धैर्यशील फेटा बांधून एकटेच बसले होते.

“भावजी, नवरीला चक्कर आली होती. आता बरी आहे. आत्याबाई म्हणत होत्या, फिट आहे.”

त्यांचा चेहरा पांढरा पडला. “आई म्हणली? तिला?”

“सगळ्यांसमोर.”

त्यांनी बाशिंगाचा दोरा बोटाला गुंडाळला. “वहिनी, मी दोनदा सांगणार हुतो तिला. दोनी खेपेला आईनं गळ्याची शपथ घातली.” मग उठलेच. “चला.”

गौरीहराच्या खोलीच्या दारात आत्याबाई आडव्या उभ्या होत्या. “मुहूर्ताआधी नवरा-नवरीनं तोंड बघायचं न्हाई!” एवढंच त्यांना सुचलं. दुसरं कारण सांगायची सोय नव्हती.

“बरं, नाही बघणार,” मी म्हणाले आणि त्यांच्या बाजूने आत शिरले. जाजमावर मी टाकलेलं तबक तसंच पडलं होतं. त्यातली साडी मी उलगडली आणि एक टोक आत्याबाईंच्या हातात दिलं. “धरा.”

त्यांनी धरलं. दुसरं टोक मी धरलं. साडीच्या एका बाजूला वैजू पाटावर बसलेली, शेजारी तिची आई. दुसऱ्या बाजूला फेट्यातले भावजी. मधे आमच्या घरची हिरवी पैठणी.

“मी धैर्यशील,” भावजी म्हणाले. “तुमाला जी फिट न्हाई, ती मला हाय. ल्हानपनापासनं. गोळी चालू हाय. डॉक्टर म्हणतो लगीन कराया हरकत न्हाई. पण तुमाला सांगाया पायजे हुतं, ते सांगितलं न्हाई. आता तुम्ही न्हाई म्हणलासा तर मी बाहेर जाऊन माझ्यापायी मोडलं म्हणून सांगतो. तुमच्या नावाला बट्टा लागू देणार न्हाई.”

वैजूच्या आईचा आवाज चढला. “म्हंजे? आमच्या पोरीला फिटवाली म्हणत हुता, आन् सोताच्या घरात…”

“आई, थांब,” वैजू म्हणाली. आवाज अजून बारीक होता, पण कापत नव्हता. “शेवटची कधी आली?”

“दिवाळीच्या आधी.”

“जवळ कोण हुतं?”

“आई.”

“आत्याबाई,” वैजूने साडीआडूनच हाक मारली. त्यांना तशी हाक मारण्याची तिची ती पहिलीच वेळ. “काय करता तुम्ही, ह्यांना फिट आली म्हंजे?”

माझ्यासमोर आत्याबाईंनी साडीचं टोक घट्ट आवळलं. “काय करायचं? आजूबाजूचं लागंल असलं काढून टाकायचं. हातपाय धरायचं न्हाईत. तोंडात काय घालायचं न्हाई. जरा सैल पडला की कुशीवर वळवायचा, डोस्क्याखाली पदर द्यायचा. घड्याळाकडं बगत ऱ्हायचं. लई वेळ चाललं तर डॉक्टरला बलवायचं. आन् शुद्धीवर येईस्तवर नाव घेत बसायचं त्याचं.”

“एवढं सगळं येतंय तुमाला,” वैजू म्हणाली. “मग मघाशी मला फिट आली असं वाटलं तुमाला, तवा मला का न्हाई वळिवलंसा कुशीवर? मी डोळं उघडलं तवा तुम्ही भिंतीला टेकून हुतासा.”

साडीचं आत्याबाईंकडचं टोक इंचभर खाली आलं.

“चुकलं, पोरी,” त्या शेवटी म्हणाल्या. त्यांच्या तोंडून हा शब्द मी त्याआधी कधी ऐकला नव्हता.

वैजू पाटावर सावरून बसली. “मी काल रातीपासनं उपाशी हाय,” ती म्हणाली. “रिकाम्या पोटी मी व्हय बी म्हणणार न्हाई आन् न्हाई बी म्हणणार न्हाई. आधी मला जेवाया द्या.”

“अगं, मुहूर्ताआधी नवरी कुठं जेवत असती?” तिची आई कळवळली.

“जेवती!” आत्याबाई कडाडल्या. “कोन म्हणतं जेवत न्हाई? लेकरू उपाशी मारायचं काय?” आणि हातातलं टोक सोडून त्या तशाच मुदपाकखान्याकडे निघाल्या.

साडी एका बाजूने खाली आली. धैर्यशील आणि वैजू एकमेकांसमोर होते. ती विस्कटलेल्या मुंडावळ्यांत, हे तिरक्या फेट्यात. दोघांनीही नजर वळवली नाही. माझ्या हातात एकच टोक उरलं होतं, ते मी हळूच घडी करून ठेवलं.

आत्याबाईंनी ताट स्वतः वाढून आणलं. भात, वरण, वर तुपाची धार. बाहेर मामा भटजींना म्हणत होते, हा मुहूर्त गेला तर पुढचा बघा, नवरीचं जरा आवरायचं राहिलंय. वैजूने भात कालवला, निम्मा संपेपर्यंत मान वर केली नाही. आत्याबाई तिच्याशेजारी जमिनीवर बसून वाढत राहिल्या.

मग पाण्याचा घोट घेऊन तिने धैर्यशीलकडे बघितलं.

“कुठल्या कुशीला वळवायचं तुमाला?”

“डाव्या,” ते म्हणाले.